सर्जाच्या नावाचे पाणी

मी, पिराजी बाळासो खाडे, वय एकोणपन्नास, गावच्या शाळेत सातवीपर्यंत शिकलेला, राहणार गगनबावड्याजवळ, जिल्हा कोल्हापूर. डॉक्टरांनी हृदय कमजोर सांगितले आहे. डोके शाबूत आहे. थोरले बंधू हंबीरराव यांचे मत वेगळे आहे, म्हणून दत्ताच्या तसबिरीसमोर बसून, कोणाच्या सांगण्याशिवाय, हे स्वतःच्या हाताने लिहीत आहे.

१. राहते घर मी बोटीवरच्या पगारातून बांधले. त्यात वडिलार्जित वीट एकही नाही. ते माझी एकुलती मुलगी अक्काताई हिचे.

२. मला अग्नी अक्काताईने द्यावा. हंबीररावांच्या मुलाने मडके उचलू नये. "पोरगी पाणी सोडणार व्हय?" असे हंबीरराव चावडीत सर्वांसमोर म्हणाले. होय, तीच सोडणार. आणि दरवर्षी म्हाळाला माझ्या नावापाठोपाठ सर्जाच्या नावाचेही सोडणार. तिने तसा शब्द दिला आहे.

सर्जा कुत्रा होता. १९६१ साली मी परदेशी बोटीवर खलाशी असताना दक्षिण ध्रुवाकडे बोट बर्फात अडकली आणि हिवाळा तिथल्या एका तळावर काढावा लागला. मी शेतकऱ्याचा पोर, म्हणून बिनचाकाची गाडी ओढणारे नऊ कुत्रे माझ्या ताब्यात आले. सर्वांत पुढच्याला मी आमच्या बैलाचे नाव दिले. साहेबांच्या हाकेला तो नुसता कान हलवी. माझ्या "चल रं गड्या"ला निघे.

एके दिवशी तो वाटेतच बसला. बैल अडला की करतात तेच मी केले. तीन चाबूक ओढले. तो उठला नाही, माझ्याकडे बघत राहिला. चिडून मी त्याच्या पुढे पाऊल टाकले आणि खाली गेलो. वर पातळ बर्फ, खाली विहिरीसारखी भेग. त्याचा दोर तेवढा हातात होता. सर्जा मागे रेटत गेला, बाकीचे आठही गेले, मी वर आलो. पुढे दोन दिवस वादळ. ज्याला मारले त्याच्याच पोटाला चिकटून जगलो. डाव्या हाताची दोन बोटे तेवढी गेली.

बर्फ फुटला, बोट सुटली. म्हाताऱ्या कुत्र्यांना गोळी घालायचे ठरले. त्यात सर्जा होता. मी बोलायला हवे होते. बोललो नाही.

३. त्याचा गळपट्टा देवघरात, दत्ताच्या पायाशी चार कुत्रे आहेत त्यांच्याजवळ आहे. तिथेच राहावा. हंबीरराव याला विटाळ म्हणतात आणि सोळा वर्षे माझ्याकडे म्हाळाला जेवले नाहीत. त्यांची मर्जी. पहिल्या वर्षी दत्तोपंत भटजींनीही हात आखडला. "पिराजी, कुत्र्याचं गोत्र काय सांगू?" मी म्हणालो, "माझंच लावा की. त्येच्यामुळंच शिल्लक हाय ते." ते उठून गेले. तेव्हापासून मीच मंत्राशिवाय पाणी सोडतो.

४. तिकडची लोकरीची टोपी हंबीररावांना. माझ्या डोक्यात बर्फ शिरलाय म्हणून सांगत फिरतात. त्यांच्या शिरू नये.

५. चाबूक कोणालाही नाही. तो माझ्या उजव्या हातात देऊन चितेवर ठेवावा. विचारणारा वर भेटेल, तेव्हा लपवायचे नाही.

वाचून पाहिले. एक अक्षर बदलणार नाही.

गगनबावडा, ता. ९ ऑगस्ट १९८१
सही: पिराजी बाळासो खाडे

आमच्यासमोर सही केली:
१. गुंडू, शेजारी. डाव्या अंगठ्याची निशाणी.
२. दत्तोपंत भटजी. अक्काताईने बोलवावे, मी येईन. गोत्र खाड्यांचेच लावीन.