काचेबाहेरचं झाड

४ फेब्रुवारी

प्रिय ठमे,

तुला खूप खूप आशीर्वाद. बाबांना माझा नमस्कार सांग, आणि डाव्या कानाशी सांग, उजव्याने ते हवं तेवढंच ऐकतात. मी ठणठणीत आहे. हे पत्र उद्या सुटणाऱ्या परतीच्या यानातून येतंय. इथे सगळ्यांची बांधाबांध चाललीय. आचारी तर सकाळपासून बूट घालूनच बसलाय, जणू यान त्याला विसरूनच जाईल.

बाबांना आता उठवून बसवावं लागतं, हे वाचलं. कवळ्यांच्या त्या परगावच्या मोठ्या कारखान्यातल्या बाईंनी तुझी जागा अजून राखून ठेवलीय, हेही वाचलं. तुझ्या हातच्या कवळीने म्हातारी माणसं पुन्हा पेरू खातात, त्या बाई तुला सहजासहजी सोडणार नाहीत. त्याबद्दल लिहितेच. आधी झाडाचं सांगते.

मी या अंतराळतळावर आले ती टोमॅटो आणि शेंगा पिकवायला. आमच्या भाजीघराला एक मोठी खिडकी आहे. बाहेर नुसता काळोख. हवा नाही, पाणी नाही, जवळपास कुठला सूर्यसुद्धा नाही. त्या खिडकीच्या बाहेरच्या चौकटीवर हे झाड उगवलं. तळहाताएवढी राखाडी पानं. मला आधी वाटलं, चौकट गंजतेय. मग एकदा आचारी भाजी न्यायला आला आणि म्हणाला, साखर संपली. त्याबरोबर बाहेरची पानं पटापट मिटली. साखर त्याच्या पलंगाखाली निघाली.

तेव्हापासून झाडाचं नाव चुगलखोर. माणसाच्या मनात काय आहे ते त्याला कळतं. मनात एक आणि तोंडात दुसरं असलं की पानं मिटतात, दोन्ही एकच असलं की उघडतात. पहिले काही दिवस आम्हाला त्याचं भारी कौतुक. पण मूठभर शेंगा आणायला जावं आणि आपलं पितळ उघडं पडावं, हे कुणाला आवडेल गं? शेवटी मेकॅनिकने तोड काढली. दारातच मनात पाढे सुरू करायचे, म्हणजे झाडाला दुसरं काही कळायचंच नाही. बघता बघता ती रीतच पडली. आमच्या प्रमुखबाई सतराचा पाढा म्हणत आत यायच्या आणि मधेच अडल्या की बाहेर जाऊन पुन्हा पहिल्यापासून सुरू करायच्या. मीही म्हणायचे. माझं तर दिवसभराचं काम तिथेच, त्यामुळे शाळेत झाले नाहीत इतके माझे पाढे पक्के झाले.

आणि झाड वाळायला लागलं. मी माळीण, मला माळिणीचेच उपाय सुचणार. दिवे वाढवले, काच उबदार ठेवली, काही म्हणता काही उपयोग झाला नाही. एकदा शेंगा कापताना बोटावरच कात्री चालली. कळवळले, पाढा विसरले, आणि लहानपणी बाबा जखमेवर फुंकर घालायचे ते आठवून रडायलाच लागले. वर बघते तर समोरचं एक सुकलेलं पान ताठ झालेलं. तेव्हा माझ्या डोक्यात उजेड पडला. ते आमच्या मनावर जगत होतं, आणि आम्ही सगळे मिळून त्याला उपाशी मारत होतो.

प्रमुखबाईंना हे सांगितलं, पण त्यांचं आधीच ठरलं होतं. आमच्या जागी राहणाऱ्या नव्या मंडळींच्या डोक्याला ताप नको, म्हणून ते खरवडून टाकायचं. मेकॅनिक बाहेर जायचा पोशाख चढवायला लागला. मी जाऊन दारात उभी राहिले.

“बाजूला हो,” प्रमुखबाई म्हणाल्या. “तू उद्या जाणार. मग त्याच्यासमोर कोण उभं राहणार? नवे लोकही चार दिवसांत पाढेच म्हणतील.”

“मी उभी राहीन.”

“पुढचं यान सात वर्षांनी येईल. माहीत आहे ना?”

“माहीत आहे.”

वाचलंस ना, ठमे? उद्याच्या यानात मी नाही.

मी तुला लिहिणार होते की माझा नाइलाज आहे, झाडासाठी राहावंच लागतंय. तोच मजकूर मी झाडासमोर म्हणून पाहिला. सगळी पानं मिटली. मला इतका संताप आला, वाटलं, द्यावं मेकॅनिकच्या ताब्यात. पण हलले नाही, पाढेही म्हटले नाहीत. मग जे होतं ते म्हटलं. मला घरी जायचं नाही. बाबांच्या खाटेशी बसून एकच गोष्ट दहा वेळा सांगायची नाही. मला हे काम आवडतं आणि मला इथेच राहायचंय. तेव्हा कुठे एकेक पान उघडायला लागलं.

म्हणून तुलाही तेच सांगते. नाइलाज वगैरे काही नाही, मी ठरवलंय. तू चिडशील, आणि चिडायलाच हवं. तो राग उतरावा म्हणून मी गोड काही लिहिणार नाही. बाबांवर माझा जीव आहे, तुझ्यावर त्याहून जास्त आहे, आणि तरी मी येत नाहीये.

पण माझी वाट बघत तू ती जागा घालवलीस तर मला सहन होणार नाही. “ताई आली की मी सुटले” असं म्हणत तू इतकी वर्षं रेटलीस. ताई येणार नाही, तू स्वतःच सूट. बाबांना बरोबर ने, नाहीतर त्यांच्यासाठी माणूस ठेव, नाहीतर चांगल्या ठिकाणी त्यांची सोय कर. तू जे करशील त्याला नावं ठेवायचा हक्क मला उरलेला नाही, आणि दुसऱ्या कुणालाही तो देऊ नकोस. बाबा रोज विचारतात ना, थोरली कधी येते म्हणून? आणि तू म्हणतेस, येईलच आता. उद्यापासून तसं म्हणू नकोस. त्यांना कळलं नाही तरी खरं सांग. सांगून झालं की बॅग भरायला घे.

तुझ्यावर जीव असलेली आणि न येणारी,
ताई