किमची भात आणि आंबिवलीचं स्थळ

बाबांनी आंबिवलीच्या स्थळाला परस्पर होकार कळवला, तेव्हापासून श्रिया खोलीला कडी लावून बसली होती. दोन दिवस पोटात अन्न नव्हतं. त्यावरून झालेल्या भांडणात सुमेधाने लेकीची किमचीची, म्हणजे कोबीच्या कोरियन लोणच्याची, बरणीही ‘सडका कोबी’ म्हणून फेकून दिलेली. आज तिने नवी किमची आणली, कालच्या उरलेल्या भातात परतली आणि ओट्यावर चिठ्ठी ठेवली:

‘श्रिया, कढईत किमची भात आहे. वर अंडं तूच घाल, मला ते जमायचं नाही. बरणी फेकली, चुकलं माझं. मी आंबिवलीला नकार सांगायला जातेय. बाबांना अजून सांगितलेलं नाही. त्यांचा फोन आला तर आई बाहेर गेलीय, एवढंच सांग.’

खाली ‘आई’ अशी सही करताना ती थांबली. मग तिने आणखी एक ओळ घातली: ‘माझ्या वेळी मला कुणी विचारलंच नव्हतं गं.’