हारुएच्या शेतातलं तण

साकाता, गुरुवार

चि. सौ. मित्सुयो हिला थोरल्या भावोजींचे भरपूर आशीर्वाद, आणि त्यांच्यासोबत थोडी घाईही. तुझी ताई रविवारी इस्पितळातून घरी येते आहे आणि त्याआधी मला शेतीची बरीच कामं उरकायची आहेत. (घाबरू नकोस, मी शेत विकत घेतलेलं नाही. काय ते पुढे येईलच.)

तुमच्या सेन्दाईला थंडी कशी आहे? इकडे समुद्रावरून बोचरा वारा सुटला आहे आणि ओसरीत वाळत टांगलेले मुळे दिवसभर एकमेकांवर आपटत असतात. हेच मुळे टांगताना हारुए स्टुलावरून पडली, म्हणून ते खाऊच नयेत असं माझं मत होतं. पण तिने स्ट्रेचरवर आडवं असतानाही मला बजावलं की संध्याकाळी मुळे आत घ्या, दव पडतं. तुझे गुडघे आणि तुझ्या नवऱ्याची कुरकुर, दोन्ही आटोक्यात असतील अशी आशा आहे. थंडीत पायमोजे घालत जा आणि स्टुलावर चढू नकोस. मी ठीक आहे. भात मला लावता येतो, आणि भातावर काय घ्यायचं हा प्रश्न मी रोज लोणच्यावर सोडवतो.

हारुएच्या कमरेचं ऑपरेशन चांगलं झालं हे तुला फोनवर कळलंच असेल. (तुम्ही दोघी रोज फोनवर असता, तरी मला कधी काही कळत नाही, हे कसं ते मला अजून उमगलेलं नाही.) इस्पितळात जाताना तिने मुळ्यांखेरीज आणखी एक काम माझ्यावर सोपवलं, ते म्हणजे तिचा गेम. तुला माहीत आहे, तळहाताएवढा, डबीसारखा मिटणारा. तुझ्याकडेही तसलाच होता. त्यात तिचं एक गाव आहे आणि गावात शेत. तिथला दिवस आपल्या दिवसाबरोबरच उजाडतो आणि मावळतो, त्यामुळे आपण चार दिवस फिरकलो नाही की शेतात तण माजतं. "अहो, रोज थोडा वेळ उघडा आणि तेवढं तण उपटा," ती म्हणाली. "बाकी कशाला हात लावू नका." मी हो म्हणालो. जन्मभर रेल्वेत गार्ड म्हणून काढलेल्या माणसाला चार काड्या उपटायला सांगणं हा खरं तर अपमान होता, पण स्ट्रेचरवरच्या बाईशी वाद घालायचा नसतो.

आता जे घडलं ते नीट समजून घे, कारण माझं म्हणणं असं आहे की मी एकही नियम मोडलेला नाही. डबी उघडली, दिवा लागला आणि दोन ओळी आल्या: 'पुढे चालू' आणि 'सुरुवातीपासून'. तू कोणती निवडली असतीस ते सांगू नकोस, मला माहीत आहे. पण मी रेल्वेचा माणूस. आधीच्या गार्डने कामाची सूत्रं रीतसर हाती दिल्याशिवाय अर्ध्या वाटेत गाडीवर चढायचं नाही, हे आमच्या हाडात मुरलेलं आहे. हारुएने मला काहीच समजावून दिलेलं नव्हतं. तेव्हा मी 'सुरुवातीपासून' वर गेलो. त्यावर यंत्राने विचारलं: 'जुनी नोंद पुसली जाईल. चालेल?' आणि इथे, मित्सुयो, माझ्या नोकरीने माझा घात केला. तू आमच्या लोकांना फलाटावर पाहिलं असशीलच. दार बंद झालं की आम्ही त्याच्याकडे बोट रोखतो आणि मोठ्याने म्हणतो, "दार बंद, ठीक!" सिग्नल हिरवा झाला की बोट, "सिग्नल, ठीक!" चूक होऊ नये म्हणून हे शिकवतात. मी पाठ ताठ केली, पांढरा हातमोजा नव्हता तरी बोट रोखलं, "जुनी नोंद, ठीक!" असं खणखणीत म्हणालो आणि बटण दाबलं. इतक्या शिस्तीत कुणी कुणाचं गाव बुडवलं नसेल.

तेव्हा अर्थातच मला यातलं काही कळलं नाही. पडद्यावर स्वच्छ मोकळी जमीन, मध्ये एक झोपडी, आणि टोपी घातलेला एक बगळा लवून म्हणत होता, या, आपल्या गावात स्वागत आहे. मला हारुएचा अभिमान वाटला. काय शेत ठेवलं आहे बाईने! तणाचा मागमूस नाही. (पिकाचाही नव्हता, पण मी पीक बघायला गेलेलो नव्हतो.) दुसऱ्या दिवशी इस्पितळात छाती पुढे काढून सांगितलं, एकही तण नाही.

"एकही नाही?" हारुएने विचारलं.

"एकही नाही. मी स्वतः पाहिलं."

तिने पांघरूण नाकापर्यंत ओढून घेतलं. मग म्हणाली, "वा. आणि पीचला फळं धरली का हो?"

पीच? मी तर तिथे एक झाडही पाहिलं नव्हतं. मी म्हणालो, धरलीत, चांगली धरलीत. पडद्यापलीकडच्या खाटेवरच्या नागुराबाईंना त्याच वेळी खोकल्याची उबळ आली. (बिचाऱ्यांचा पाय मोडला आहे, पण मी गेलो की दर वेळी खोकतात. डॉक्टरांच्या हे लक्षात कसं येत नाही कळत नाही.) घरी येऊन माहितीपुस्तक शोधून काढलं. त्यात जाड अक्षरांत लिहिलं होतं की या गेममध्ये एका वेळी एकाच गावाची नोंद राहते. गेम बनवणाऱ्या कंपनीला फोन लावला. पलीकडच्या मुलीने इतक्या अदबीने आणि इतक्या वेळा माफी मागितली की शेवटी मीच फोनपुढे वाकून तिचं सांत्वन केलं. पण पुसलेलं गाव परत येत नाही, हे वाक्य तिने काही बदललं नाही.

मी तिथेच ठरवलं की हारुए घरी येईल तेव्हा तिचं गाव तिला जसंच्या तसं मिळालं पाहिजे. किती वर्षं ती त्या डबीत डोकं घालून बसलेली मी पाहिली आहे. मी कुस्त्या बघायचो आणि ती शेजारी बसून बटणं दाबायची. आत काय आहे हे मी एकदाही विचारलं नाही. आता तेच मला हवं होतं आणि विचारायची सोय नव्हती. मग मी एक युक्ती केली, म्हणजे गप्प बसलो. हारुए आपण होऊनच बोलायची. पीचबद्दल विचारून झालं की तळ्याबद्दल, तळ्यातल्या कमळांबद्दल, नदीवरच्या दगडी पुलाबद्दल. मी म्हणायचो, सगळं जागच्या जागी आहे. आणि घरी येऊन कंबर कसून ते जागच्या जागी आणायला लागायचो. पीचच्या रोपासाठी बगळ्याला किती मासे नेऊन दिले ते विचारू नकोस. मला खऱ्या समुद्रात कधी एक मासा लागला नाही!

एकदा तर दिवसभर खपून तळं खणलं आणि इस्पितळाची वेळ झाली म्हणून झटकन डबी मिटली. आत झोपडीतल्या अंथरुणावर निजल्याशिवाय नोंद होत नाही, हे मला माहीत नव्हतं. परत आलो तर तळं गायब. त्या दिवसापासून मी नियम केला: अंथरूण, बोट, "नोंद झाली, ठीक!" आणि मगच डबी. चार्जरचा लाल दिवा मी डोळ्यांत तेल घालून पाहतो. पुढच्या आठवड्यात हारुए सहज म्हणाली, आपल्या घराच्या खिडकीतून सूर्य मावळताना किती छान दिसतो नाही? माझ्या घराची खिडकी उगवतीकडे होती, आणि एकदा बांधलेलं घर हलवता येत नाही. मी रात्रीचा लोणचं-भात तसाच ठेवला आणि पुन्हा 'सुरुवातीपासून' वर गेलो. या वेळी पुसताना मी बोट रोखलं नाही, हे तुला म्हणून सांगतो. बगळ्याने पुन्हा लवून स्वागत केलं. त्याला काही आठवत नव्हतं, मला मात्र प्रत्येक मासा आठवत होता.

आता खिडकी मावळतीकडे आहे, पीच फळांनी लगडले आहेत, तळ्यात कमळं आहेत. पुलाचे थोडे दगड बाकी आहेत, ते रविवारच्या आत बसवतोच. बसवले नाहीत तर त्सुनेओ नाव लावणार नाही. बाकी सर्व क्षेम. यजमानांना नमस्कार.

तुझे भावोजी,
त्सुनेओ

ता. क. (शनिवार) पूल झाला. पण पत्र टाकलं नाही, कारण ज्यासाठी लिहायला बसलो ते लिहायचंच राहिलं. बुधवारी हारुएने विचारलं की बदक कसं आहे. बदक मी मिळवलं, पण ते घरी आणताच यंत्र त्याचं नाव मागतं, आणि एकदा दिलेलं नाव बदलत नाही. हारुएने ते काय ठेवलं होतं? तुम्ही दोघी फोनवर सगळं बोलता, तुला माहीत असणारच. फोन करून विचारलं असतं, पण तू फोनवर हसतेस. मला तिला फसवायचं नाही गं. तिचं जे होतं ते तिला परत द्यायचं आहे, तेही पूर्ण, बदकासकट. उद्याच्या आत उत्तर येणार नाही हे दिसतंच आहे, तेव्हा तोवर नावाची जागा रिकामी ठेवून मी तिच्यापुढे गुडघे टेकून खरं काय ते सांगेन.

ता. क. दुसरा (रविवार, संध्याकाळ) हारुए आली. काठी टेकत चालते, पण चेहरा तजेलदार आहे. चहा झाल्यावर मी डबी तिच्यापुढे ठेवली, चटईवर कपाळ टेकवलं आणि सगळं सांगून टाकलं. मग हळूच डोकं वर केलं. डबीत ती पुलावरून चालत होती. एकदा पलीकडे गेली, परत आली, पुन्हा गेली.

"किती सुंदर झालंय हो," ती म्हणाली. "माझ्याकडे पूल नव्हता."

मला वाटलं भूल अजून उतरली नसावी. म्हटलं, आणि तळं?

"तळंही नव्हतं. पीच नव्हते. एक झोपडी होती आणि गुडघाभर तण. दगड जमवा, मासे जमवा, कोण करतंय? मी आपली नदीकाठी बसून राहायची. एकही तण नाही म्हणालात तेव्हाच कळलं, तुम्ही काय करून ठेवलंत ते."

पहिल्याच दिवशी कळलं होतं! आणि मी तिथे थापा मारत होतो, ती मला एकेक काम सांगत होती आणि नागुराबाई पडद्यामागे खोकत होत्या. बदकाची कल्पना तर तुझी होती म्हणे. थोरल्या माणसाशी असं वागतात का? मी रागावलो होतो आणि तसं बोलणारही होतो. पण ती डबीतून डोकं वर न काढता म्हणाली, "काम नसतं तर तुम्ही रोज येऊन माझ्या खाटेपाशी भिंतीकडे बघत बसला असतात. तुम्हाला काय बोलायचं ते सुचत नाही, आणि तुमचा तो चेहरा बघून मला रडू आलं असतं." मित्सुयो, हे खरं आहे. पहिल्या दिवशी मी भिंतीकडेच बघत बसलो होतो, कारण तिच्याकडे बघायची मला भीती वाटत होती. मी उठून मुळे आत घ्यायला गेलो.

ता. क. तिसरा (सोमवार) बदकाचा नाद सोड. आता खरी विनंती ऐक. तुझा जुना गेम कपाटात पडून असेल तर तो उलट टपाली पाठव, अगदी तातडीने. सकाळपासून हारुए म्हणते आहे की हे गाव झकास आहे पण तुमचं आहे, आणि इतका छान पूल पाहून आता आपणही एकदा सुरुवातीपासून सगळं करावं असं तिला वाटतं आहे. तिचा यंत्रावर हक्क आहे, हे मला मान्य आहे. पण नोंद एकच राहते, आणि माझ्या तळ्यात कमळं आहेत. मी ती पुसू देणार नाही. डबी मी खिशात ठेवतो आणि झोपताना उशीखाली. आत्ता आंघोळीला जातानाही मेणकापडात गुंडाळून बरोबर नेली होती. मी टबात बसलो तोच बाहेरून काठीची टकटक आली आणि दाराशी थांबली. मग अगदी गोड आवाजात हारुएने विचारलं, "अहो, पाठ घासून देऊ का?" उभ्या संसारात तिने मला हे कधी विचारलेलं नाही. मी कडी काढली नाही.