मिलूनं पाठवलेले अर्थ

प्रिय मिलू,

काल कविता लातूरला येऊन गेली. पहिल्यांदाच एकटी आली, भोकरहून नांदेड आणि नांदेडहून लातूर अशा दोन एसट्या बदलून. आली तशी दुपारच्या गाडीनं परतही गेली. ती गेल्यापासून मी मनातल्या मनात तुझ्याशीच बोलते आहे. आज कॉलेजात रजा टाकली आणि म्हटलं, लिहूनच काढावं.

तुला जाऊन वर्ष होत आलं. या वर्षात मी तुझ्याबद्दल सगळ्यांशी बोलले. विहारात शोकसभा झाली तिथंही उभी राहून बोलले, लोकांनी डोळे पुसले. तुला मात्र एक ओळ लिहिली नाही. का, ते तुला ठाऊक आहे. कालपासून तुझ्या बायकोलाही ठाऊक आहे.

तुला ती पँट आठवते का रे?

मला नोकरी लागून थोडे दिवस झाले होते. रविवारी माझ्या खोलीवर कॉलेजातले तिघं-चौघं चहाला आले होते, आणि तू नांदेडहून नवी पँट घालून दारात उभा! मातकट रंगाची, मांड्यांवर खिसे, गुडघ्यांखाली खिसे. आल्या आल्या म्हणालास, "ताई, बघ. कार्गो हाय ही, कार्गो."

एका सरांनी गंमत म्हणून विचारलं, "कार्गो म्हणजे काय रे?"

"सहा खिशांची पँट," तू छाती काढून सांगितलंस.

सगळे हसले. सगळ्यांत मोठ्यानं मी हसले. वर शहाणपणा केला, "अरे येड्या, कार्गो म्हणजे जहाजातला माल! इंग्रजीच्या मास्तरणीचा भाऊ ना तू?"

तूही हसलास. "मंग दुकानदारानं मला मालच इकला म्हणायचा," असं काहीतरी बोललास. पण चहा घेताना तुझे दोन्ही हात त्या खिशांत होते आणि नजर फरशीवर. त्यानंतर आखातात जाईपर्यंत माझ्यासमोर तू कधी इंग्रजी शब्द उच्चारला नाहीस. टेबलाला टेबलसुद्धा म्हणायचा नाहीस, 'ते चार पायाचं' म्हणायचास. मला ते कळत होतं, मिलू. तरी 'चुकलं माझं' एवढं मी म्हणाले नाही. नऊ वर्षांनी मोठी होते ना! आई-बाबा कामावर गेले की तुला कडेवर घेऊन शाळेत जाणारी मी. लहानपणी ज्याचं नाक पुसलं त्याची माफी मागायची असते, हे मला कुणी शिकवलंच नव्हतं.

आणि नशिबानं तुला काम मिळालं तेही कसलं! आखातातल्या बंदरावर, मालाच्या गोदामात. गेल्यावर आठ दिवसांनी तुझा पहिला आवाजी निरोप आला. अजून आहे माझ्या फोनमध्ये.

"ताई, आज खरा कार्गो बघितला. लई मोठाला! आपल्या भोकरच्या बसस्टँडएवढाले डबे, एकावर एक रचलेले. आता म्या चुकनार न्हाई."

त्या हसण्यात राग नव्हता. म्हणून तर माझ्या जास्त जिव्हारी लागलं. आणि तेव्हापासून तुला छंदच जडला. तो शब्द जिथं सापडेल तिथून उचलून तू मला पाठवायचास. तिथं सामान वाहणारे छोटे टेम्पो असतात, त्यांना सगळे नुसतं कार्गो म्हणतात. कार्गो आला, कार्गो गेला. तुमच्या खोलीत घरी पाठवायच्या वस्तूंचं खोकं कोपऱ्यात भरत राहायचं, खजूर, साबण, तुझ्या लेकीसाठी, प्रज्ञीसाठी रंगपेटी, त्या खोक्याचं नाव कार्गो. "ताई, तुझ्या डिक्शनरीत किती अर्थ हायत? माझ्याजवळ चार झाले."

मग तुझ्या खोलीत जून नावाचा पोरगा राहायला आला, फिलिपाईन्सचा. त्याचा तुला फार लळा लागला. तू सांगितलंस, "ह्याच्या भाषेत बी कार्गो हाय, ताई! त्यांच्या मुलखावर स्पेनवाल्यांचं राज्य होतं म्हणे, आपल्याकडं निजामाचं होतं तसं. आपुन दवाखाना म्हणतो, तारीख म्हणतो, तसं ते कार्गो म्हणून राहिले."

मी त्या दिवशी खरंच उठून मोठा शब्दकोश काढला. तुझं बरोबर होतं. शब्द मुळात स्पॅनिश, इंग्रजीनं तिथूनच उचललेला. इंग्रजीत आला तो फक्त माल होऊन. तिकडं त्याचे आणखी अर्थ आहेत. ओझं, हुद्दा, जबाबदारी, एखाद्यावर ठेवलेला आरोपसुद्धा. वीस वर्षं इंग्रजी शिकवते आहे मी, पण हे कधी बघितलं नव्हतं! तुला कळवलं तर तू किती खूश झालास. "म्हंजे जबाबदारी बी? मंग प्रज्ञी माझी कार्गो, आन म्या तुझी!" असं म्हणाला होतास.

पुढच्या महिन्यात आणखी एक धाडलास. जून म्हणतो, एखाद्याचं आपल्या हातून वाईट झालं की मनावर जे ओझं बसतं, त्याला ते कार्गो दे कोन्सियेन्सिया म्हणतात. "ताई, नाव लई मोठं हाय. तीनदा घोकून पाठ केलं."

तो शेवटचा अर्थ होता. त्यानंतर तू शब्द पाठवले नाहीस.

आता तो फोन.

शुक्रवार होता, तुझ्या सुट्टीचा वार. मी बारावीच्या सराव परीक्षेचे पेपर तपासत बसले होते. फोन कानाला लावून तपासतच राहिले, हेही तुला आज सांगून टाकते.

तू म्हणालास, "ताई, म्या येऊन राहिलो. बॅग भरली."

"सुट्टी मिळाली?"

"न्हाई. सोडूनच येतो. इथं मन लागंना. छातीत लई भरून येतंय, ताई."

भरून येतंय! मिलू, मी शब्दांचे अर्थ शिकवते. एका शब्दाला पाच अर्थ असतात, वाक्य बघून ठरवायचं असतं, असं पोरांना बजावून सांगते. आणि तुझ्या त्या शब्दाचा मी एकच अर्थ धरला. घरची आठवण येते आहे, जीव कालवतो आहे, असं. दुखतंय का, श्वास लागतो का, घाम येतो का, असं एकदाही विचारलं नाही. छाती हा शब्द तू उच्चारला होतास. मी तो ऐकलाच नाही.

मी काय बोलले, ते मला शब्दन् शब्द पाठ आहे. "आयटीआय अर्ध्यात सोडलंस. मोबाईलचं दुकान अर्ध्यात सोडलंस. आता हेही? सात महिने राहिलेत करार संपायला. आयुष्यात एक तरी गोष्ट पुरी कर की रे! लोकांना काय तोंड दाखवू मी?"

फोनमध्ये तुझ्या मागं पंखा फिरल्याचा आवाज येत होता.

"हाव ताई," तू म्हणालास. "थांबतो. कविताला नको सांगू म्या यायचं म्हनलो ते. उगा आस लागंल तिला."

मी म्हणाले, "शाब्बास." शाब्बास म्हणाले मी तुला!

पाच आठवड्यांनी तू गोदामातच खाली बसलास, आणि उठला नाहीस.

तुला आणायला मी हैदराबादला विमानतळावर गेले होते, गावातले दोघे आणि ॲम्ब्युलन्स घेऊन. मला वाटलं होतं, माणसं उतरतात त्याच इमारतीत कुठंतरी तुला देतील. तसं नसतं. वळून मागच्या बाजूला जावं लागतं. तिथं दारावर ठळक अक्षरात तो शब्द लिहिलेला होता. मी गाडीतून उतरले आणि त्या पाटीखाली नुसती उभी राहिले. खिडकीतल्या पोरानं कागद मागितले. त्याची काही चूक नव्हती, दिवसभर तेच त्याचं काम. त्यानं विचारलं, "मॅडम, कौनसा कार्गो?"

मला उत्तर देता येईना. इंग्रजीत येईना, हिंदीत येईना, मराठीतही येईना. कागदावर तुझं नाव होतं, पासपोर्टचा नंबर होता आणि पेटीसकट तुझं वजन होतं. लहानपणी तू किती जड झालास म्हणून मी आईकडं तक्रार करायची. ते आठवलं, आणि मी तिथंच खाली बसले.

हमालांमधला एक म्हातारा बाबा पुढं आला. त्यानं खिडकीत हात घालून माझे कागद सरळ केले. म्हणाला, "इनके भाई आए, साब. जल्दी करो." मग मला म्हणाला, "अम्मा, धूप में नक्को बैठो. हम लाते भाई को." त्यानं आणि आणखी तिघांनी तुला उचललं. ढकलगाडी होती, पण त्यावर ठेवलं नाही तुला. ॲम्ब्युलन्सपर्यंत हातांनी आणलं. त्या बाबाचं नाव विचारायचं मला सुचलं नाही. क्षमा कर.

पुढचं तुला काय सांगू! आईनं पेटीच्या काचेवर हात ठेवला आणि काढेचना. प्रज्ञा शेजाऱ्यांकडं होती. आणि कविता रडली नाही. लोक म्हणत होते, धक्का बसलाय. मीही तेच म्हणत होते.

काल कळलं, का रडली नव्हती ते.

जूननं तिला फोन केला होता. वर्षभरानं. तुझं सामान बांधताना सापडलेल्या नंबरावर त्यानं हिंमत करून लावला. तोडक्यामोडक्या हिंदीत बोलला बिचारा. कवितानं माझ्यासमोर खुर्चीत बसून सगळं तसंच्या तसं सांगितलं.

"ताई, त्यो म्हनला, मिलिंद बॅग रेडी किया. फिर सिस्टर को फोन किया. फिर बॅग खोल दिया. मी इचारलं, क्यूं? तर म्हनला, सिस्टर बोली रुको." ती पुढं सांगत राहिली. "मंग त्यो रडायला लागला. मीच डॉक्टरकडं चल म्हनायला पायजे होतं, असं म्हनला. कार्गो का कायतरी बोलून राहिला, कार्गो दे काय. मला वाटलं सामानाचं सांगतोय. सामान तर कवाच आलं."

मला मात्र कळलं, तो कशाबद्दल बोलत होता. तीनदा घोकून तूच तर पाठ केलं होतंस.

कविता माझ्याकडं बघत होती. "ताई, तुम्ही रुको म्हनलात?"

"हो," मी म्हणाले. "मीच म्हणाले."

आणि मग सगळं सांगितलं, मिलू. छातीचं सांगितलं, पेपर तपासत होते ते सांगितलं, शाब्बास म्हणाले तेही सांगितलं. तिला सांगू नको असं तू म्हणाला होतास, हेसुद्धा सांगितलं. पण ते सांगताना माझी मलाच लाज वाटली. तुझ्या त्या एका वाक्याच्या आड वर्षभर लपले होते ना मी!

ती ओरडली नाही. चहाचा कप घेऊन मोरीत गेली, विसळला, पालथा घातला. माझ्याकडं पाठ करूनच म्हणाली, "प्रज्ञीच्या वाढदिवसाला या म्हनलं होतं मी त्यान्ला. न्हाई जमायचं म्हनले, कोरडं कोरडं. मला वाटून राहिलं होतं, त्यान्ला आता आमची सय येत न्हाई. तिकडंच रमले. वर्षभर त्यांच्यावर रुसून हाय मी, ताई. मेलेल्या मानसावर!"

आणि मग रडली. तुझ्या मातीला रडली नव्हती ती माझ्या मोरीत, कठड्याला धरून, पोट दुखल्यासारखी वाकून रडली. मी जवळ गेले तर तिनं हातानंच थांबवलं. मी दारात उभी राहिले. दुसरं काय करणार होते?

तिनं मला माफ केलं का? नाही. विचारायची माझी टापही नव्हती. बसस्टँडवर सोडायला गेले तेव्हा गाडी लागेपर्यंत माझ्यापासून लांब, दुसऱ्या बाकावर बसली. पाण्याची बाटली दिली, ती मात्र घेतली. खिडकीशी बसल्यावर म्हणाली, "आईला मी सांगनार न्हाई. तुम्ही या आन तुम्हीच सांगा. त्या रोज म्हन्तात, पोरगं परमुलखात रमलं, म्हनून असं झालं."

मिलू, एवढं सगळं तुझ्यावर टाकून मी वर्षभर ताठ मानेनं फिरत होते. तुझ्यावरही माझा एक राग आहे, बरं का. एकदा तरी उलटून बोलायचं होतंस रे! 'ताई, तू गप बस, मी येतोय' एवढं म्हणायचं होतंस. सगळीकडं अर्धं सोडलंस, मग माझं ऐकणं तेवढं पुरं कशाला केलंस?

आता शब्द देते. रविवारी सकाळच्या गाडीनं मी भोकरला जाणार आहे. आईसमोर जमिनीवर बसेन आणि तिला सगळं सांगेन. तिनं मारलं तर मार खाईन, बोलायची बंद झाली तर दर रविवारी जाऊन तिच्या गप्पपणाजवळ बसेन. प्रज्ञा अजून लहान आहे, पण ती विचारेल तेव्हा तिलाही सांगेन, काही न वगळता. आणि तुझ्याबद्दल कुणीही काहीही बोललं, की मी एवढंच म्हणेन, त्याची बॅग भरलेली होती. तो घरी यायला निघाला होता.

तुझी ताई,
सुजाता