कोट लांबला, म्हणून वड्या

तीर्थस्वरूप वहिनींना,

धाकट्या दिराचा वाकून नमस्कार. आम्ही सगळे धडधाकट आहोत. तुमचे गुडघे कसे आहेत ते कळवा (खरं कळवा; ‘बरे आहेत’ हे मी गेल्या तीन पत्रांत वाचलं आहे).

दादाचा कोट उसवून जावईबापूंच्या मापाचा करून दे, म्हणून तुम्ही तो पाठवलात, त्याला दोन महिने होत आले. तुम्ही रागावला असाल. रागावा, पण आधी कारण ऐका. दादा असताना ऑफिसातून येताना तुमच्यासाठी त्या फ्रेंच पद्धतीच्या फळांच्या वड्या आणायचा ना, साखरेत घोळवलेल्या, जेलीसारख्या? ते दुकान बंद होऊनही वर्षं झाली. कोटाला थोडा उशीर होतोय तर निदान वड्या तरी पाठवाव्यात, असं माझ्या मनानं घेतलं. तुमच्या धाकट्या जावेनं तेव्हाच कपाळावर हात मारला होता.

कृती तशी सोपी. स्ट्रॉबेरीचा गर गाळायचा, त्यात साखर आणि पेक्टिन नावाची पूड घालायची आणि एकशे सात डिग्री होईपर्यंत घोटत बसायचं. आता डिग्र्या मोजायचं यंत्र आमच्याकडे कुठलं? पण चाळीस वर्षं इस्त्री तापली का ते मी ओलं बोट लावूनच पाहतो. तसंच इथेही पाहिलं. वहिनी, इस्त्री बोटाला चिकटत नाही, हा पाक चिकटतो. मी जो ओरडलो, त्यानं शेजारचे घड्याळजी भिंगासकट धावत आले (आणि पातेलं पाहून चाटायला चमचा मागू लागले). उजव्या हाताचं बोट! बोटाला पट्टी म्हणजे सुई बंद. सुई बंद म्हणजे कोट बंद. आलं ना लक्षात?

पहिला घाणा ओघळला, दुसरा इतका घट्ट झाला की त्याची बटणं झाली असती. तिसरा मात्र जमला. लिंबू पिळून ताटात ओतला आणि दिवसभर त्याला हात लावला नाही (तुमची जाऊ पहाऱ्याला होती, आणि पहारेकऱ्याच्या बोटांचे ठसे एका कोपऱ्यात आहेत). मग वड्या पाडायला बसलो. सवयीनं चारी बाजूंनी अर्धा अर्धा इंच जास्त सोडला, शिलाईत जाईल म्हणून. सगळं कापून झाल्यावर आठवलं की वडीला शिलाई नसते. त्यामुळे एकेक वडी साबणाएवढी झाली आहे. दोघांत एक पुरेल, पण तिथे तुम्ही एकट्या, तेव्हा सुरीनं लहान करून खा. खा मात्र नक्की. तुमचं जेवण कमी झालंय असं पुतणी सांगत होती. मला नीट जेवायला तुम्हीच शिकवलंत, आता हे मी तुम्हाला सांगायचं, म्हणजे काय म्हणावं!

तुमचा,
धाकटा

ता. क. वड्यांवर कुठे पांढरी रेघ दिसली तर ती पुसून खा. कापण्याआधी खडूनं आखल्या होत्या.

दुसरा ता. क. बोट महिन्यापूर्वीच बरं झालं.

तिसरा ता. क. वहिनी, कोट तीनदा टेबलावर पसरला. दादाचा डावा खांदा जरा उतरता होता, म्हणून त्या बाजूला आतून मी एक जास्तीची पट्टी घातली होती. आम्हा दोघांखेरीज ते कुणाला ठाऊक नव्हतं. उसवायचं तर सुरुवात तिथूनच करावी लागते, आणि माझा हात चालत नाही. जावईबापूंचं माप पाठवा, त्यांना मी नवा कोरा कोट शिवतो. कपाट उघडलं की हा समोर येतो, म्हणून तुम्ही तो काढलात, हेही पुतणीनं सांगितलं. तर मग माझ्याकडे राहू दे. दुकानात इतके कोट टांगलेले असतात, एक जास्त झाला तर कुणी विचारणार नाही. तुम्हाला पाहावासा वाटेल तेव्हा या.