रिकाम्या खोलीचा आवाज

४ ऑक्टोबर
पोहोचले एकदाची. गाडीत कपडे कमी आणि कॅमेऱ्याचं सामानच जास्त, ते बघून घरमालकीण थेरीझबाईंनी विचारलं, लग्नाचं शूटिंग का गं, पोरी? म्हटलं, नाही, मयताचं. खळखळून हसल्या. अमेरिकेतल्या मेन राज्यातल्या या गावाचा कागदाचा कारखाना मेला, मालक फ्लोरिडात गेला आणि कामगारांची पेन्शन त्याच्या खिशात गेली. वीस वर्षं मी वर्तमानपत्रात असल्या भानगडी उकरल्या. लोकांनी त्या रद्दीत घातल्या. म्हणून आता माहितीपट. संध्याकाळी चर्चमध्ये सगळ्यांबरोबर पोटभर बीन्स खाल्ले. खूष आहे.

७ ऑक्टोबर
लुसिएन पेल्तिए बोलला! पेन्शन फंडावरचा हा कामगारांचा प्रतिनिधी. मालकानं त्याच्याकडून कोऱ्या कागदांवर सह्या घेतल्या आणि फंड स्वतःच्याच दुसऱ्या कंपनीत वळवला, हे त्यानं कॅमेऱ्यासमोर सांगितलं. बावीस तारखेला कोर्टात त्यानं हेच सांगितलं, तर गावाला पैसे परत मिळतील. मुलाखतीनंतर मी नेहमीसारखी खोलीची नुसती शांतता रेकॉर्ड केली. संकलनात सांधे जुळवायला लागते. लुसिएननं टोमणा मारला, शांतताच हवी तर पोतंभर घेऊन जा बाई, इथं दुसरं उरलंय काय?

८ ऑक्टोबर
त्या शांततेत लुसिएनचा आवाज आहे. म्हणतो, मला असलं काही आठवत नाही, सह्या मी राजीखुशीनं केल्या. पडद्यावर मात्र त्याचं तोंड मिटलेलं. माझीच काहीतरी गफलत झाली असणार.

११ ऑक्टोबर
लुसिएन दारात आला, टोपी हातात. तेच शब्द बोलला. मधला खोकलासुद्धा तोच. कोण भेटलं होतं, असं खोदून विचारलं. कुणीच नाही, म्हणाला. माझा त्याच्यावर विश्वास बसला, आणि त्याचीच मला भीती वाटते.

१५ ऑक्टोबर
काल थेरीझबाई बोलल्या. त्या मालकाच्या टायपिस्ट होत्या, सगळं डोळ्यांनी पाहिलेलं. मी शांतता रेकॉर्ड केली नाही. तरी यंत्रात ती होती, आणि तिच्यात त्यांचा आवाज.
आज न्याहारीला प्लॉयवर, म्हणजे इथल्या धिरड्यावर, लोणी लावता लावता त्यांनी सगळं नाकारलं. मी चित्रीकरण दाखवलं. शांतपणे बघितलं, मग म्हणाल्या, ही बाई कोण गं? माझा स्वेटर का घातलाय हिनं?

१९ ऑक्टोबर
आता फक्त मी आणि ही फिल्म. कामगारांचा वकील म्हणतो, कोर्टात घेऊन ये, बघू.
यंत्रात नवी शांतता आहे. माझ्या खोलीची. मी ऐकणार नाही.

२१ ऑक्टोबर
ऐकली. माझाच आवाज — मी हे सगळं रचलं, म्हणतोय —
रचलं नाही. ते बोलले. मी समोर होते — सामान गाडीत भरतेय —

२२ ऑक्टोबर
छान ऊन पडलंय. न्याहारीला लुसिएनही आला होता, खूप हसलो. कोर्टात जायची गरज उरली नाही. फिल्म पुसून टाकली. दोन म्हाताऱ्या माणसांना मीच काहीबाही बोलायला लावलं होतं —
नाही — लावलं नाही — हे वाचेल त्यानं — लुसिएन खरं बोलला होता, मालकानं