हप्ता लहान दिसते म्हणून

प्रिय राजूदादा,

इथं गावाकडं उंद्रीत आम्ही दोनच खोल्यांचं घर बांधलं म्हणून तू रुसला, वास्तूलेही आला नाही. तुझं म्हणणं, तीस वर्षांचं कर्ज घेतलं असतं तर हप्ता लहान बसला असता अन् बंगला झाला असता.

आम्हीही तोच विचार करून बँकेत गेलो होतो. तिथल्या मॅडमले मी सहज विचारलं, "शेवटी एकूण किती भरावं लागन?" त्यायनं हिशोब दाखवला. घ्यायचे पंधरा लाख अन् फेडायचे साडेएकेचाळीस! आमचे हे म्हणाले, "पुष्पा, आपण तर बँकेलेही एक घर बांधून देऊन राह्यलो!" आम्ही दोघं हसतच सुटलो. मग दहा वर्षांसाठी आठच लाख घेतले. त्याचे बारा लाख जातीन. वरचा मजला पुढं पाहू.

हे तुले सांगायची हिंमत झाली नाही. पुण्याच्या फ्लॅटसाठी तुनं तीसच वर्षांचं कर्ज घेतलं आहे, उगाच तुझ्या मनाले लागलं असतं.

एवढं लिहिलं अन् तुझाच फोन आला.

"पुष्पे, तुह्या वहिनीनं आज आमच्या कर्जाचा एकूण आकडा काढला वं. वर्षाले एक हप्ता जास्त भरला तर काही फरक पडते का?"

"लय पडते, दादा! कैक वर्षं आधी मोकळा होशीन."

तू म्हणाला, "रविवारी येतो. रोडगे कर."

आता हे पत्र काही पोस्टात टाकत नाही. आमच्या ह्यायले रोडगे भाजायसाठी गोवऱ्या आणायले धाडलं आहे.

तुझी खुशीत असलेली बहीण,
पुष्पा